पाडून घ्यायची रीत

आमच्या डोक्यावर कुणीतरी तुणतुणं वाजवत असे. कुवेतमधल्या साल्मियातल्या त्या इमारतीचे बाकी सगळे आवाज आईने केव्हाच ओळखीचे करून टाकले होते. एसीची घरघर, गच्चीवरच्या टाकीत पाणी चढतानाची गुरगुर, खालच्या बकाल्याचं, म्हणजे वाण्याच्या दुकानाचं, शटर, शेजारच्या मशिदीतली अजान, शाळेच्या बसचा भोंगा. हा एक आवाज मात्र तिला ओळखता येईना. एकच तार, एकच सूर, मध्येच बारीकसा दुसरा, आणि जोडीला बिया खुळखुळल्यासारखं काहीतरी. संध्याकाळी कुकर लावला की वर सुरू व्हायचं. ‘मेल्यांना दुसरी तार मिळत नाही का कुठे,’ म्हणत तिने आठवडाभर सहन केलं आणि मग एक दिवस भांडायला वर गेली. भांडायला जातानाही रिकाम्या हाताने जायचं नाही ही तिच्या माहेरची, मुरुडची रीत, म्हणून डब्यात नारळाच्या वड्या होत्या. ती परत आली तेव्हा कुकरची वाफ कधीच जिरली होती आणि डब्यात वड्यांच्या जागी कसलेतरी शेंगदाण्याचे लाडू होते.

वर अंगोलाचे एक गृहस्थ राहायला आले होते, जोआकिम नावाचे. तेल कंपनीत भूगर्भशास्त्रज्ञ. बायको नव्हती, एक मुलगी होती, आणि ती लुएना नेमकी माझ्याच वर्गात निघाली. ते वाजवत ते तुणतुणं नव्हतं. वाकवलेल्या काठीला पोलादी तार, खाली अर्धा कापलेला भोपळा, तारेवर मारायला बारीक काडी. त्यांच्या गावाकडे त्याला हुंगू म्हणत. ‘शिकाऱ्याचं धनुष्य गं,’ आई मला सांगत होती, ‘पण मारायचं कुणाला नाही, नुसतं वाजवायचं. आणि ते वाजलं की लोक उड्या मारून भांडतात म्हणे. आमच्या मुरुडला सिद्दी लोकांचा धमाल नाच असायचा ना, त्यातलाच प्रकार.’ आईला जगातल्या कुठल्याही गोष्टीत मुरुड सापडायचं. पण या खेपेला ती फारशी चुकली नव्हती, हे मला पुढे कळलं.

बाबा मूळचे कोल्हापूरकडचे. कंत्राटी कामं करणाऱ्या एका कंपनीत अकाउंट्स बघायचे, पण त्यांच्याकडे बघून कुणाला ते पटत नसे. मान खांद्यात बसलेली, आणि कान पैलवानाचे, मोडून घट्ट झालेले. शाळेतली मुलं विचारायची, तुझ्या डॅडच्या कानांना काय झालं? शुक्रवारी सुट्टी असली की स्वयंपाकघर बाबांचं. अब्बासियातल्या भारतीय दुकानातून आणलेलं ज्वारीचं पीठ ते परातीत घेत आणि असं मळत, की परात ओट्यावर सरकत सरकत भिंतीला जाऊन लागायची. मग भाकरी, तांबडा रस्सा, पांढरा रस्सा. आई म्हणायची, ‘पिठावर काढू नका हो सगळा जोर.’ ते हसत, आणि पीठ मळत राहत. त्यांचा जोर दुसऱ्या कशावर निघत नव्हता हे आम्हा दोघींनाही ठाऊक होतं.

ते का, ते इथेच सांगून टाकते. बाबा तरुणपणी तालमीत होते. दत्ता नावाचा त्यांचा जोडीदार होता. एका ताटात जेवायचे, एकमेकांच्या अंगाला माती लावायचे, वस्ताद त्यांना बैलजोडी म्हणायचे. एका सकाळी नेहमीसारखी दोघांची लढत चालली होती. बाबांनी ढाक लावली, म्हणजे मान बगलेत धरून कमरेवरून पाडायचा डाव. दत्ताकाकांनी सुटायला भलत्याच बाजूला झोक दिला. मान मोडली. मानेखालचं अंग गेलं ते गेलंच, आणि काही वर्षं तसं काढून काकाही गेले. कुणी बाबांना बोल लावला नाही. दत्ताकाकांची आई उलट म्हणाली, ‘तुजा काय दोस लेकरा, कुस्तीत हुतं असं.’ कुणी शिव्या दिल्या असत्या तर बाबा सावरले असते असं मला वाटतं. त्यांनी तालीम सोडली, बी.कॉम. केलं आणि लांबात लांबची नोकरी धरली. हे मला आईने सांगितलं, तिला सासरच्या माणसांकडून कळलेलं. बाबांनी घरात दत्ताकाकांचं नाव कधी काढलं नाही.

आणि त्यांनी मला कधी उचललं नाही. बारशाच्या फोटोत सगळे पाळण्यावर ओणवे झालेत, बाबा मागे सरळ उभे. सायकलवरून पडले तर ते धावत यायचे, माझ्यापाशी पोचून थांबायचे आणि घराकडे तोंड करून ओरडायचे, ‘अगं ये, बग हिला!’ रस्ता ओलांडताना गाड्यांच्या बाजूने ते स्वतः चालत आणि मला त्यांच्या पिशवीचा बंद धरायला लावत. लहान असताना मला वाटे की सगळ्यांचे बाबा असेच असतात. मग लुएनाच्या घरी गेले, आणि तिच्या बापाने दारातच तिला कमरेला धरून उलटी केली, तिने त्याच्या पाठीवरून कोलांटी घेतली आणि पलीकडे उतरून मला विचारलं, ‘ज्यूस?’ मी दारात उभीच राहिले. मला हेवा वाटला. दुसरा शब्द नाही त्याला.

इमारतीच्या तळघरात, गाड्यांच्या रांगेपलीकडे एक मोकळी जागा होती. तिथे जोआकिमकाका आठवड्यातून दोनदा शिकवायचे. आम्ही पाचसात जण असू, कुणी फिलिपिनो, कुणी लेबनीज, दोन केरळी भाऊ. काका बोलायचे इंग्रजीत, तेही पोर्तुगीज हेलाचं, आणि बोलायचे कमी. पण सरावानंतर सगळे जमिनीवर घाम पुसत बसलो की ते सांगायचे. त्यांच्या आजीचं गाव अंगोलाच्या दक्षिणेला, गुरं राखणाऱ्यांचं. तिथे मुली वयात आल्याचा सण असला की तरुण पोरं गोल करून उभी राहत, टाळ्या वाजवत, गाणं म्हणत, आणि मधे दोघे जण एंगोलो खेळत. हाताने मारायचं नाही. हात जमिनीला, पाय हवेत. झेब्रा पुढच्या पायांवर भार टाकून मागच्यांनी लाथ झाडतो, तशी लाथ. समोरच्याने ती अडवायची नसते, चुकवायची असते. त्याच किनाऱ्यावरून माणसं साखळदंडात घालून समुद्रापलीकडे नेली. कपडे काढून घेतले, नावं काढून घेतली, पण पायांना जे ठाऊक होतं ते कसं काढणार? ब्राझीलमध्ये त्याचं कपोएरा झालं. कॅरिबियनमधल्या एखाद्या बेटावर तशाच लाथांना दुसरं नाव आहे, तिथे ढोल वेगळा. ‘काही विद्वान म्हणतात की हे सगळं एंगोलोतूनच आलं,’ काका म्हणायचे, ‘काही म्हणतात छे, दहा ठिकाणचं मिसळून तिथेच नवं झालं. दोन्हीकडे हुशार माणसं आहेत. माझ्या आजीला दोन्हीतलं काही माहीत नव्हतं. ती टाळ्या चुकल्या की रागवायची.’

आता पुण्यात आमच्या सोसायटीजवळच्या बागेत रविवारी मुलं पांढऱ्या पँटी घालून कपोएरा खेळायला येतात. माझे गुडघे आता जिना चढायलाही कुरकुरतात, त्यामुळे मी बाकावर बसून बघते. मागे एकाने मला मोठ्या अदबीने समजावलं, ‘आजी, हे ब्राझीलचं आहे.’ मी म्हटलं, हो का. सगळं सांगायला बसले असते तर त्याचा सराव बुडाला असता.

त्या खेळाचं मला एवढं वेड का लागलं, ते मी तेव्हा कुणाला सांगू शकले नसते. कुणीतरी आपल्या अगदी अंगावर येतं, त्याची टाच कानाला वारा घालून जाते, आणि लागत नाही. परत येतं. परत लागत नाही. इतक्या जवळ येऊनही न दुखावणारी माणसं मी पाहिली नव्हती. आमच्या घरी न दुखावण्यासाठी लांब राहत असत.

एकदा काकांनी उलटं उभं राहायचं शिकवताना सांगितलं, की त्यांच्या उत्तरेकडच्या शेजाऱ्यांची जुनी समजूत अशी, की मेलेली माणसं पाण्याखाली राहतात, आणि त्यांचं जग आपल्या जगाला तळव्याशी तळवा लावून असतं. त्यांचे पाय वर, डोकं खाली. हातांवर उभं राहिलं की तेवढा वेळ आपण त्यांच्यासारखे उभे असतो. मी हे घरी येऊन सांगितलं तर आई वाटण वाटता वाटता थांबली. ‘आमच्याकडे भुताचे नुसते पाय उलटे, यांच्याकडे अख्खं माणूसच उलटं!’ म्हणाली, आणि खूप हसली. मग तिने बाहेरच्या खोलीकडे पाहिलं. बाबा टीव्हीसमोर बसले होते. ऐकलं असावं.

मी शिकते आहे हे बाबांना माहीत होतं, पण ‘वरच्या मजल्यावरचा नाच’ एवढंच. आम्ही मायलेकींनी ते तेवढंच ठेवलं होतं. एका संध्याकाळी ते ऑफिसातून लवकर आले, आणि मी दिवाणखान्यात भिंतीपाशी हातांवर उभी होते. मला उलटे बाबा दिसले. हातात किल्ल्या, डब्याची पिशवी. चेहरा बघता बघता पांढरा पडला. ते ओरडले नाहीत. दोन पावलं आले आणि थांबले. ‘उतरीव तिला,’ ते आईला म्हणाले.

आई स्वयंपाकघराच्या दारात आली. हाताला बेसन. ‘तुम्हीच उतरवा की. जवळ तुम्ही आहात.’

‘उतरीव म्हणतोय न्हवं!’

मीच उतरले. बाबा सोफ्यावर बसले आणि पाणी मागून घेतलं. मग मला म्हणाले, ‘शरू, ह्ये न्हाई. दुसरं काय बी कर. पोहायला जा, बॅडमिंटन खेळ. पर जिथं मानंवर भार येतो, तिथं माजी पोर नगं.’ मी इंग्रजीत भांडले. आम्ही तिथली मुलं रागावलो की इंग्रजीत शिरायचो, कारण मराठीत आईबाप जास्त वजनदार वाटत. बाबांनी सगळं ऐकून घेतलं आणि उठून आंघोळीला गेले. मी आठवडाभर तळघरात गेले नाही. वर हुंगू वाजलं की कानात बोटं घालून बसायची.

पुढच्या शुक्रवारी जोआकिमकाका आमच्याकडे आले. आईनेच बोलावलं होतं हे उघड होतं, कारण ती पहाटे शर्कच्या मासळी बाजारातून झुबैदी, म्हणजे आपलं पापलेट, घेऊन आली होती, आणि पाहुणे असल्याखेरीज पापलेट आमच्याकडे होत नसे. जेवणं झाली. काकांनी बोटं चाटून खाल्लं, आणि मग खिशातून पेन्सिल काढावी इतक्या सहज विषय काढला. बाबांचं इंग्रजी हिशेबापुरतं. मनातलं बोलायचं तर त्यांना मी मधे लागे. म्हणून माझ्याच भांडणात दुभाषी मीच होते.

‘मान मोडली तर?’ बाबांनी विचारलं. मी ते इंग्रजीत सांगितलं.

‘आम्ही सगळ्यांत आधी पडायला शिकवतो,’ काका म्हणाले.

‘आमच्यात बी त्येच शिकवत्यात,’ बाबा म्हणाले. मग बराच वेळ त्यांनी ताटाच्या कडेवरून बोट फिरवलं. ‘त्यांना सांग. माजा एक दोस्त हुता. त्योबी पडायला शिकलावता. माज्यापेक्षा चांगला पडायचा.’

आणि बाबा सांगत गेले. माझ्याकडे न बघता, काकांकडेही न बघता. सकाळची वेळ, माती ओली केलेली, डाव कसा लागला, आवाज कसा आला. मी एकेक वाक्य उचलून इंग्रजीत ठेवत होते. दुभाष्याला ‘ते म्हणतात’ असं दर वेळी म्हणता येत नाही. दोनचार वाक्यांत ते गळून पडतं. ‘माझ्या हातून त्याची मान मोडली,’ हे वाक्य मी बाबांच्या वतीने, ‘मी’ म्हणून म्हटलं, आणि म्हणताना माझ्या स्वतःच्या हातांना घाम फुटला. आई ओट्याशी पाठमोरी उभी होती. तिच्यासमोर बाबा हे पहिल्यांदाच बोलत होते, लग्नाला इतकी वर्षं होऊनही.

काकांनी सांत्वन केलं नाही. मला ते तेव्हा आवडलं नाही, आज आवडतं. त्यांनी आपल्या रिंगणातली एक रीत सांगितली. नवा माणूस खेळायला लागला की वर्षातून एकदा त्याला सगळ्यांसमोर रिंगणात घेतात, आणि गुरू किंवा कुणी जुनं माणूस त्याला पाडतं. जिंकायचं नसतंच. पाडून घ्यायचं असतं. ज्याने आपल्याला पाडलं, त्याने आपल्याला आत घेतलं, अशी ती रीत. ‘प्रत्येकाला एकदा तरी अशा माणसाने पाडावं, ज्याच्या मनात इजा नाही,’ काका म्हणाले. ‘मग जमिनीची भीती जाते. तुमच्या मुलीचा नंबर या महिन्यात आहे. तुम्ही म्हणाल तर.’

बाबा म्हणाले, ‘ह्येनला म्हणावं, इजा माज्याबी मनात नव्हती.’ मी तेही सांगितलं.

दोन दिवस घरात कुणी तो विषय काढला नाही. तिसऱ्या दिवशी चहा पिता पिता बाबा म्हणाले, ‘मी येतो बगायला. बगितल्याबिगर पाडून घ्यायचं न्हाई. आन् बगून मी न्हाई म्हणलं, तर तिथंच संपलं. कबूल?’ मी कबूल म्हटलं. बारावीनंतर मी पुण्याला जाणार हे ठरलेलं होतं. माझ्यापाशी ते एक वर्ष होतं, आणि ते बाबांच्या एका ‘न्हाई’वर टांगलं गेलं.

रिंगण वफ्राला होतं, अबू खालिद यांच्या मळ्यात. अबू खालिद काकांच्याच कंपनीतून निवृत्त झालेले कुवेती गृहस्थ. रंगाने काकांइतकेच सावळे. त्यांच्या पणजीचं घराणं झांझिबारकडून गुलाम करून गलबतातून आणलेलं. त्यांच्या घरी बकऱ्यांच्या खुरांचा एक कमरपट्टा होता, जुन्या नाचातला, हलला की पाऊस पडल्यासारखा वाजणारा. त्या दिवशी तो एका खुर्चीवर मांडून ठेवला होता, देवघरातल्या टाकांसारखा. अबू खालिद ढोलावर बसणार होते. ते हिंदी बरं बोलत. बाबांना म्हणाले, ‘हमारा लोग इधर लाया, इनका लोग उधर ले गया. ढोल एक ही है.’ बाबांनी हात जोडले. थंडीचे दिवस, दुपार कलती, खजुराच्या रांगा, पलीकडे काकडीच्या हरितगृहांचं प्लास्टिक चमकत होतं, आणि तिथली कामकरी माणसं काम आटोपून कुंपणापाशी येऊन उभी राहिली होती. आईने बेसनाचे लाडू आणले होते आणि ती ते अगदी खुरांच्या पट्ट्याशेजारी ठेवून आली.

जमीन पाणी मारून दाबून घेतली होती. बाबांनी बूट काढले, मोज्यांनिशी त्या जागेवर गेले आणि खाली बघत फिरायला लागले. ते काय करताहेत ते आधी कुणाला कळेना. मग मी पाहिलं, ते खडे वेचत होते. ऑफिसची पँट घोट्यापर्यंत वर ओढलेली, आणि वाकून वाकून बारीकातला बारीक खडा उचलून खिशात टाकत होते. एक फिलिपिनो मुलगाही लागला त्यांच्याबरोबर. शेवटी बाबांनी तळपायाने सगळी जागा चाचपली, चिमूटभर माती बोटांत चुरली, आणि बाहेर येऊन आईशेजारी बसले.

लुएनाने हुंगू छातीशी धरलं आणि काडी मारली. ढोल आला, टाळ्या आल्या. माझ्याआधी एका केरळी भावाला पाडलं, तो हसत उठला, सगळ्यांनी त्याला मिठ्या मारल्या. मग काकांनी मला बोट केलं. आम्ही दोघं हुंगूच्या पायाशी उकिडवे बसलो, हात मिळवले, आत गेलो. मला बाबा दिसत होते. टाळ्या वाजवत नव्हते. दोन्ही हात मांड्यांखाली धरून बसले होते. मी झुलायला लागले, काकांची टाच डोक्यावरून गेली, मी खाली बसून चुकवली, हात टेकून फिरले. बरं चाललं होतं. मग मी हातांवर गेले, आणि काका वाकून आले. मला ते ठाऊक होतं, आता ते डोक्याने माझ्या पोटाला हलकेच लोटणार, मी कलणार, पाठीवर येणार, झालं. पण बाबांना काय दिसलं असेल? आपली मुलगी उलटी, तिची मान खाली, आणि एक धिप्पाड माणूस तिच्यावर चालून येतो आहे.

‘ए! सोड! सोड तिला!’

बाबा आत होते. पैलवान केवढा चपळ असतो हे मी त्या दिवशी पाहिलं. त्यांचा उघडा पंजा आम्हा दोघांच्या मधे आला. मी घाबरून पाय खाली आणले. मला वाटलं आता सगळं थांबेल, बाबा मला घेऊन निघतील, गाडीत कुणी बोलणार नाही, आणि माझं वर्ष संपलं. पण हुंगू थांबलं नाही. जोआकिमकाकांनी ताबडतोब हात मागे घेतले, जमिनीला बोटं लावली आणि पाठ न वळवता मागे सरकत गोलात जाऊन बसले. कारण त्या रिंगणाचा नियमच तो आहे: खेळणाऱ्या दोघांच्या मधे ज्याने हात घातला, त्याने खेळ घेतला. दोघांतल्या जुन्याने बाजूला व्हायचं. बाबांनी मला वाचवायला हात घातला होता, आणि रिंगणाच्या दृष्टीने ते मला पाडायला आले होते.

बाबा इकडेतिकडे बघत उभे. टाळ्या चालू. ‘काय झालं? थांबवा म्हणावं की.’

‘बाबा, आता थांबत नाही,’ मी म्हटलं. ‘तुम्ही मधे आलात. आता तुम्हीच पाडायचं मला.’

‘मी?’

‘हो.’

त्यांचा चेहरा मी आजवर विसरलेले नाही. कुणी आपल्या जिवावर उठलं आहे तसे ते माझ्याकडे बघत होते. ते वळले. बाहेर जायला वाट होती, कुणी अडवलं नसतं. आई उठून उभी राहिली, पण बोलली नाही. माझ्या आईने न बोलणं ही केवढी गोष्ट आहे ते तिला ओळखणाऱ्यांनाच कळेल. मी काय करावं? मला विनवण्या येत नव्हत्या. मला फक्त झुलता येत होतं. मी झुलायला लागले, डावा पाय मागे, उजवा पाय मागे, त्यांच्या पाठीकडे तोंड करून. आणि मनात म्हणत होते, या ना, या ना बाबा, एकदा.

अबू खालिदनी ढोल संथ केला. बाबा वळले. त्यांनी खाली बघितलं, वाकून मातीला हात लावला आणि तो कपाळाला नेला, आणि उठले ते वाकलेलेच, गुडघ्यांत, दोन्ही हात पुढे. मी त्यांना असं कधी पाहिलं नव्हतं. आमच्या घरातले अकाउंटंट गेले होते. आम्ही एकमेकांभोवती फिरलो. मी एक लाथ हळूच हवेत टाकली, ती त्यांनी नुसती बघितली. मग त्यांचा उजवा हात माझ्या मानेवर आला.

कुस्ती अशीच सुरू होते, मानेवर हात ठेवून. मोठा, गरम, जड हात. तो चटकन निघाला, जणू पोळला. परत आला. परत निघाला. मी उभी राहिले, झुलायचं सोडून. तिसऱ्यांदा आला तो राहिला. त्यांचा श्वास मला कानाशी ऐकू येत होता. ‘ढिली सोड,’ ते हळूच म्हणाले. ‘सगळं अंग ढिलं सोड. कुटंबी झोक दिऊ नको. मी न्हेतो तिकडं ये.’

‘हो बाबा.’

त्यांनी तोच डाव लावला, ढाक. मला नंतर कळलं. तेव्हा फक्त एवढं कळलं की त्यांची बगल माझ्या गालाशी आहे, कंबर माझ्या पोटाखाली आली, आणि माझे पाय सुटले. त्यांनी मला फेकलं नाही. भरली कळशी उतरवावी तसं उतरवलं. आभाळ फिरलं, खजुराचे शेंडे फिरले, आणि पाठ टेकण्याआधी त्यांचा दुसरा तळवा माझ्या मानेखाली येऊन पोचला होता. मी पडले ती त्यांच्या हातावर. आमच्या भाषेत याला अस्मान दाखवणं म्हणतात. मला आभाळ दिसत होतं, आणि मधे बाबांचा चेहरा.

सगळ्यांनी जल्लोष केला. बाबांना तो ऐकू आला नसावा. ते गुडघ्यांवर बसले होते आणि माझ्या मानेखालचा हात काढत नव्हते, दुसऱ्याने माझा खांदा धरून होते. मी हसायला लागले होते, पण त्यांच्याकडे बघून थांबले.

‘लागलं?’

‘नाही.’

‘खरं सांग. लागलं का गं?’

‘नाही हो बाबा. कुठेच नाही.’

‘पाय हलीव,’ बाबा म्हणाले. ‘हलीव बगू पाय.’

मी पाय हलवले.

‘बोटं?’

मी बोटं हलवली, पायांची आणि हातांची. बाबांच्या डोळ्यांतलं पाणी माझ्या तोंडावर पडत होतं आणि ते पुसायला त्यांचा एकही हात मोकळा नव्हता. ‘आनि एकदा,’ ते म्हणाले. ‘आनि एकदा हलीव.’ मी हलवले. मी तिथे पडल्या पडल्या, ते पुरे म्हणेपर्यंत, पाय हलवत राहिले.